दुधाच्या दातांतलं स्ट्रॉन्शियम

आपल्याकडे पडलेला दुधाचा दात कौलांवर भिरकावतात, नाहीतर उंदराच्या बिळात टाकतात. १९५८च्या डिसेंबरनंतर अमेरिकेतल्या सेंट लुईसची मुलं मात्र तो पाकिटात घालून शास्त्रज्ञांकडे पाठवू लागली. सोबत एक कार्ड असे: जन्मतारीख, राहण्याचं ठिकाण, बाळ अंगावर पीत होतं की बाटलीनं. बदल्यात एक बिल्ला मिळे, 'मी माझा दात विज्ञानाला दिला' असं लिहिलेला.

या खटाटोपामागे डॉक्टर लुईझ राइस होत्या आणि बॅरी कॉमनर हे वनस्पतिशास्त्रज्ञ. कॉमनर यांना ठेच आधीच लागली होती. महायुद्धात नौदलात असताना विमानातून डीडीटी फवारायचं तंत्र त्यांनी बसवलं. न्यू जर्सीजवळच्या एका बेटावर माश्यांनी वैताग आणला होता, तिथे फवारणी झाली. माश्या मेल्या, पण मासेही मेले. किनाऱ्यावर सडक्या माशांचा खच पडला आणि त्यावर ताव मारायला माश्यांच्या नव्या झुंडी आल्या!

पुढे अणुचाचण्यांचा सपाटा सुरू झाला. स्फोटात तयार होणारं स्ट्रॉन्शियम-९० हे किरणोत्सारी द्रव्य पावसाबरोबर गवतावर उतरतं, गवत गाय खाते आणि ते दुधात येतं. आवर्तसारणीत स्ट्रॉन्शियमची जागा कॅल्शियमच्या बरोबर खाली आहे, त्यामुळे शरीराची गफलत होते आणि हाडा-दातांत ते ठाण मांडतं. त्याची किरणोत्सारिता निम्मी व्हायला सुमारे २९ वर्षं लागतात. सरकारी अणुऊर्जा आयोग म्हणे, काळजी नको. हे खरं की खोटं ते मोजून पाहायला हवं होतं, पण जिवंत मुलाचं हाड तपासायला कोण देईल? दुधाचा दात आपणहून पडतो. त्याचा वरचा भाग पोटात असताना आणि पहिल्या वर्षात घडतो. म्हणजे सातव्या वर्षी पडलेला दात सात वर्षांपूर्वीच्या दुधाचा हिशेब सांगतो. एकेका दातात मोजण्याजोगं काही नसे, म्हणून एका सालच्या मुलांचे दात एकत्र करून तपासत.

१९७०पर्यंत सुमारे ३ लाख २० हजार दात जमले. १९६३मध्ये जन्मलेल्या मुलांच्या दातांत १९५०च्या मुलांपेक्षा सुमारे ५० पट स्ट्रॉन्शियम-९० निघालं. बाटलीच्या दुधावर वाढलेल्यांत ते अधिक होतं. पहिले निष्कर्ष १९६१मध्येच छापून आले होते, आणि ऑगस्ट १९६३मध्ये हवेतल्या चाचण्यांवर बंदी घालणारा करार मॉस्कोत झाला. तो एकट्या दातांनी घडवला असं मी म्हणणार नाही. क्यूबातल्या सोव्हिएत क्षेपणास्त्रांवरून १९६२मध्ये उभ्या राहिलेल्या पेचानं अमेरिका आणि सोव्हिएत संघ या दोन्ही महासत्ता हादरल्या होत्या. पण आकडे कळणाऱ्या आया गप्प बसेनाशा झाल्या, हेही खरं.

माहिती आम्ही देतो, निर्णय लोकांनी घ्यावा, असं कॉमनर म्हणत. १९८०मध्ये ते स्वतःच राष्ट्राध्यक्षपदासाठी उभे राहिले आणि सपशेल पडले.

२००१मध्ये ते जिथे शिकवत त्या सेंट लुईसच्या वॉशिंग्टन विद्यापीठाच्या जुन्या दारूगोळा-कोठारात न तपासलेले सुमारे ८५ हजार दात सापडले. छोट्या पाकिटांत, कार्डांसकट.