अल्डोस्टेरॉन

अल्डोस्टेरॉन हे अधिवृक्क ग्रंथींच्या बाह्यकात तयार होणारे स्टेरॉइड संप्रेरक आहे. शरीरातले सोडियम राखून ठेवणे आणि जादा पोटॅशियम लघवीवाटे बाहेर टाकणे ही त्याची दोन मुख्य कामे. सोडियम राहिले की पाणी राहते, पाणी राहिले की रक्ताचे आकारमान टिकते आणि त्यावर रक्तदाब उभा असतो. दोन्ही मूत्रपिंडांवर टोपीसारख्या बसलेल्या या ग्रंथींच्या बाह्यकाचे तीन थर असतात. त्यांतला सगळ्यात बाहेरचा, अगदी पातळ थर कोलेस्टेरॉलपासून अल्डोस्टेरॉन बनवतो. निरोगी माणसात त्याची दिवसाची निर्मिती १०० ते १५० मायक्रोग्रॅमच्या आसपास असते. शेजारच्याच थरात बनणारे कॉर्टिसॉल हे दुसरे स्टेरॉइड संप्रेरक याच्या सुमारे शंभरपट असते.

इतक्या थोड्या द्रव्याचा एवढा प्रभाव कसा पडतो, हे मूत्रपिंडाच्या रोजच्या हिशोबातून कळते. दोन्ही मूत्रपिंडे मिळून दिवसभरात सुमारे १८० लिटर द्रव रक्तातून गाळतात आणि त्या द्रवात जवळजवळ दीड किलो मीठ असते. आपल्या जेवणातून दिवसाला येणारे मीठ दहा ग्रॅमच्या आगेमागे. म्हणजे गाळलेल्या मिठातले ९९ टक्क्यांहून जास्त परत रक्तात घ्यावेच लागते. यातली बहुतेक वसुली नेफ्रॉनच्या (मूत्रपिंडातल्या गाळणाऱ्या सूक्ष्म एककाच्या) सुरुवातीच्या नळ्यांमध्ये अल्डोस्टेरॉनच्या मदतीशिवाय होऊन जाते. त्याच्या हाती उरतात ते शेवटचे दोन-तीन टक्के. मात्र दीड किलोचे दोन टक्के म्हणजे तीस ग्रॅम, आपल्या रोजच्या खाण्यातल्या मिठाच्या तिप्पट. रोजची जमा आणि खर्च जुळवण्याचे काम या शेवटच्या हप्त्यावरच होते.

ही जुळवणी नेफ्रॉनच्या टोकाशी आणि संग्राहक नलिकांमध्ये चालते. स्टेरॉइड असल्यामुळे अल्डोस्टेरॉन पेशीच्या पटलातून सहज आत शिरते आणि तिथल्या ग्राहीला, म्हणजे संप्रेरक ओळखणाऱ्या प्रथिनाला, चिकटते. ही जोडी पेशीकेंद्रात जाऊन काही जनुके चालू करते. त्यामुळे नळीच्या पोकळीकडच्या बाजूला सोडियम आत घेणाऱ्या वाहिन्यांची संख्या वाढते आणि रक्ताकडच्या बाजूला पंप जोमाने चालू लागतात. प्रत्येक फेरीत हा पंप तीन सोडियम आयन रक्ताकडे ढकलतो आणि दोन पोटॅशियम आयन पेशीत ओढतो. नळीतला धन प्रभाराचा सोडियम निघून गेल्याने तिथे ऋण प्रभार उरतो, त्या ओढीने पेशीतले पोटॅशियम नळीत उतरते आणि लघवीतून जाते. जनुकांमार्फत होणारे हे काम लगेच दिसत नाही. परिणाम जाणवायला तासभर तरी लागतो आणि पूर्ण परिणामाला काही दिवस लागतात.

घामाच्या ग्रंथी, लाळग्रंथी आणि मोठे आतडेही हे संप्रेरक ओळखतात. विदर्भातल्या उन्हाळ्यात शेतावर किंवा रस्त्याच्या कामावर जाणाऱ्या माणसाचा घाम पहिल्या दिवसांत जास्त खारट असतो. आठवडा-दोन आठवड्यांत शरीराला उन्हाची सवय होते, घाम जास्त सुटतो, पण त्यातले मीठ कमी होते. हा बदल घडवण्यात अल्डोस्टेरॉनचा मोठा वाटा असतो.

नियंत्रण

अल्डोस्टेरॉन किती सुटावे हे मुख्यतः मूत्रपिंडच ठरवते. मूत्रपिंडात शिरणाऱ्या सूक्ष्म रोहिणीच्या भिंतीतल्या काही खास पेशींना रक्ताचा दाब कमी झाल्याचे जाणवले, नळीत पोचणारे मीठ घटले किंवा अनुकंपी चेतासंस्थेकडून इशारा आला, की त्या रेनिन हे एंझाइम रक्तात सोडतात. यकृताने बनवलेल्या अँजिओटेन्सिनोजेन या प्रथिनाचा तुकडा तोडून रेनिन दहा अमिनो आम्लांचे अँजिओटेन्सिन-१ तयार करते. मुख्यतः फुप्फुसांतल्या रक्तवाहिन्यांच्या अस्तरावरचे दुसरे एंझाइम त्यातली दोन अमिनो आम्ले काढून टाकते आणि अँजिओटेन्सिन-२ तयार होते. ते रक्तवाहिन्या आकुंचित करते, तहान लावते आणि अधिवृक्क ग्रंथीला अल्डोस्टेरॉन सोडायला लावते. मीठपाणी साठून दाब सावरला की रेनिन थांबते. रक्तस्राव, जुलाब, उलट्या अशा वेळी जीव तगवून धरणारी साखळी ती हीच. तिच्या निरनिराळ्या कड्या तोडणारी औषधे आज उच्च रक्तदाबाच्या असंख्य रुग्णांच्या रोजच्या गोळ्यांत असतात.

रक्तातले पोटॅशियम हा दुसरा नियंत्रक, आणि त्याला रेनिनची मध्यस्थी लागत नाही. केळी, शहाळ्याचे पाणी, पालेभाज्या, डाळी यांतून आलेल्या पोटॅशियमने रक्तातली पातळी किंचित वाढली तरी ग्रंथीच्या पेशी थेट उद्दीपित होतात. मेंदूच्या तळाशी असलेल्या पिट्यूटरी ग्रंथीचे एसीटीएच हे संप्रेरकही थोडा हातभार लावते, पण त्याचा प्रभाव टिकत नाही.

इथे एक कोडे उभे राहते. मिठाचा तुटवडा असो की पोटॅशियमची चढ, दोन्ही वेळी अल्डोस्टेरॉनच वाढते. मग पहिल्या वेळी पोटॅशियम वाया न घालवता मीठ कसे राखले जाते, आणि दुसऱ्या वेळी मीठ न साठवता पोटॅशियम कसे टाकले जाते? याचे उत्तर नळीच्या अलीकडच्या भागात आहे. तुटवड्याच्या वेळी अँजिओटेन्सिन-२ तिथेच बरेचसे सोडियम शोषून घ्यायला लावते. टोकाशी फारसे सोडियम पोचतच नाही, त्यामुळे त्याच्या बदल्यात पोटॅशियमही जात नाही. उलट पोटॅशियम वाढले की अलीकडचे शोषण मंदावते, टोकाशी भरपूर सोडियम येते आणि पोटॅशियम बाहेर पडायला वाट मिळते. एका निरोपाचे दोन अर्थ लावणारी ही रचना शरीरक्रियाशास्त्रातली अतिशय सुंदर गोष्ट आहे.

कॉर्टिसॉल आणि ज्येष्ठमध

अल्डोस्टेरॉनचा ग्राही कॉर्टिसॉललाही तितक्याच सहज स्वीकारतो. कॉर्टिसॉल शंभरपट असूनही ते हा ग्राही व्यापून टाकत नाही, कारण या पेशींत एक एंझाइम पहाऱ्यावर असते. ते कॉर्टिसॉलचे निष्क्रिय कॉर्टिसोनमध्ये रूपांतर करते. ज्येष्ठमधातले ग्लिसिऱ्हायझिन नेमके हेच एंझाइम दाबते. १९४०च्या दशकात नेदरलँड्समधले डॉक्टर रेव्हर्स जठरव्रणावर ज्येष्ठमधाचा अर्क देत होते. काही रुग्णांच्या अंगावर सूज आल्याचे त्यांनी नोंदवले. त्यामागचे कारण कळायला पुढे काही दशके गेली. घसा बसला म्हणून कधीतरी ज्येष्ठमधाची कांडी चघळण्याने निरोगी माणसाला बाधत नाही. रोज, आठवडेच्या आठवडे, भरपूर प्रमाणात घेतले तर मात्र रक्तदाब चढतो आणि पोटॅशियम उतरते. अशा रुग्णाच्या रक्तात खुद्द अल्डोस्टेरॉन कमी सापडते. काढे आणि चूर्णे घरोघरी घेतली जात असल्याने आपल्याकडच्या डॉक्टरांनी ‘ज्येष्ठमध घेता का?’ हा प्रश्न रुग्णाला आवर्जून विचारायला हवा.

शोध

१८९८ मध्ये स्टॉकहोममध्ये टिगरस्टेट आणि बर्गमन यांनी सशाच्या मूत्रपिंडाचा अर्क टोचून रक्तदाब वाढवून दाखवला आणि त्यातल्या द्रव्याला रेनिन नाव दिले. खुद्द अल्डोस्टेरॉन सापडायला १९५३ साल उजाडले. लंडनमध्ये सिल्व्हिया सिम्पसन आणि जेम्स टेट यांनी अधिवृक्क ग्रंथी काढलेल्या उंदरांच्या लघवीतले सोडियम-पोटॅशियमचे प्रमाण मोजून अर्कातल्या अनोळखी द्रव्याचा माग काढला. बाझेलमधल्या टाडेउश राइखश्टाइन यांच्या गटाबरोबर त्यांनी ते शुद्ध स्फटिकरूपात मिळवले. आधी त्याचे नाव इलेक्ट्रोकॉर्टिन होते. पुढच्या वर्षी रचना उलगडली, रेणूत अल्डिहाइड गट सापडला आणि अल्डोस्टेरॉन हे नाव रूढ झाले.

कमतरता

हे संप्रेरक नसेल तर काय होते, ते त्याचा शोध लागण्याच्या शंभर वर्षे आधीपासून डॉक्टर पाहत होते. लंडनच्या गाय्ज रुग्णालयातल्या थॉमस ॲडिसन यांनी १८५५ मध्ये अधिवृक्क ग्रंथी नष्ट झालेल्या रुग्णांचे वर्णन प्रसिद्ध केले: कमालीचा थकवा, दुबळी नाडी, काळवंडत जाणारी त्वचा. भारतात क्षयरोग हे ॲडिसनच्या विकाराचे आजही एक महत्त्वाचे कारण आहे. सोडियम वाहून जाते, पोटॅशियम साठते, रक्तदाब उतरतो आणि रुग्णाला मीठ खावेसे वाटू लागते.

या ओढीची सर्वांत हेलावणारी नोंद बाल्टिमोरच्या विल्किन्स आणि रिश्टर यांनी १९४० मध्ये केली. साडेतीन वर्षांचा एक मुलगा बिस्किटांवरचे मीठ चाटून घेई आणि चमचाभर कोरडे मीठ आवडीने खाई. तो बोलायला शिकला तेव्हाच्या पहिल्या शब्दांत ‘मीठ’ हा शब्द होता. रुग्णालयात ठेवल्यावर त्याला नेहमीचा, बेताच्या मिठाचा आहार मिळू लागला आणि थोड्याच दिवसांत तो दगावला. त्याच्या अधिवृक्क ग्रंथी निकामी असल्याचे शवविच्छेदनात दिसले. तो मुलगा मीठ खाऊन स्वतःला जगवत होता. आज अशा रुग्णांना अल्डोस्टेरॉनचे काम करणाऱ्या फ्लुड्रोकॉर्टिसोन या औषधाची छोटी गोळी रोज दिली जाते. काही नवजात बालकांत कॉर्टिसॉल आणि अल्डोस्टेरॉन बनवणाऱ्या साखळीतले एंझाइम जन्मतःच सदोष असते. त्यांना पहिल्या दोन-तीन आठवड्यांत उलट्या, शरीरातले पाणी कमी होणे आणि पोटॅशियमची चढ असा त्रास होऊ शकतो. निदान वेळेत झाले तर ती वाचतात.

आधिक्य

मिशिगनमधल्या अ‍ॅन आर्बर इथे १९५४ मध्ये जेरोम कॉन यांच्याकडे ३४ वर्षांची एक स्त्री आली. स्नायूंना कित्येक वर्षे येणारी दुर्बलता आणि पेटके, उच्च रक्तदाब, रक्तातले घटलेले पोटॅशियम अशी तिची लक्षणे होती. अल्डोस्टेरॉन अतोनात तयार होत असावे, असा कॉन यांचा तर्क होता. डिसेंबरमधल्या शस्त्रक्रियेत उजव्या अधिवृक्क ग्रंथीत गाठ सापडली. ती काढल्यावर रुग्ण बरी झाली. या विकाराला तेव्हापासून कॉन यांचे नाव आहे.

हा विकार दुर्मीळ आहे, असा समज वैद्यकात पुढे अनेक दशके राहिला आणि तो चुकीचा ठरला. उच्च रक्तदाबाच्या दर शंभर रुग्णांत पाच ते दहांना तो असतो. तीन औषधांनाही दाद न देणाऱ्या रक्तदाबात तर पाचातल्या एकाला. बहुतेकांचे पोटॅशियम ठीक असते, त्यामुळे केवळ त्यावरून शंका येत नाही. अंगावर सूजही दिसत नाही. दीड-दोन किलो वजन वाढेल इतके पाणी साठले की वाढलेला दाब आणि हृदयातून सुटणारे एक संप्रेरक मिळून मूत्रपिंडाला जादा मीठ सोडायला लावतात आणि साठवण तिथेच थांबते. दाब मात्र चढलेला राहतो. तेवढाच रक्तदाब असलेल्या इतर रुग्णांपेक्षा यांच्यात पक्षाघात आणि हृदयाची अनियमित लय जास्त आढळते, कारण हृदय आणि रक्तवाहिन्यांच्या पेशींवरही अल्डोस्टेरॉन थेट परिणाम करते.

नुसत्या अल्डोस्टेरॉनला दोष देऊन भागत नाही. ब्राझीलच्या जंगलातले यानोमामी लोक स्वयंपाकात मीठ वापरत नाहीत. १९८८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या इंटरसॉल्ट या ३२ देशांतल्या पाहणीत त्यांच्या दिवसभराच्या लघवीत सोडियम जवळजवळ नव्हतेच. त्यांच्या रक्तात अल्डोस्टेरॉन भरपूर असते. तरीही त्यांचा वरचा रक्तदाब सरासरी शंभराच्या खाली असतो आणि वयाबरोबर चढत नाही. प्रयोगातल्या उंदरांनाही तशाच कामाचे संप्रेरक देऊन मीठ मात्र तोडले, तर रक्तदाब फारसा वाढत नाही. मिठाच्या दुष्काळासाठी घडलेले हे संप्रेरक मिठाची रेलचेल असताना चालू राहिले की घात होतो. जागतिक आरोग्य संघटनेची मर्यादा दिवसाला पाच ग्रॅमहून कमी मिठाची आहे. लोणचे, पापड, फरसाण, खारवलेली मासळी असलेल्या ताटात ती सहज ओलांडली जाते.

निदानाची सुरुवात रक्तातल्या अल्डोस्टेरॉनचे रेनिनशी असलेले गुणोत्तर पाहून होते. रेनिन दबलेले आणि अल्डोस्टेरॉन चढलेले असेल, तर ग्रंथी मूत्रपिंडाचे न ऐकता स्वतःच्या मर्जीने चालली आहे. सीटी स्कॅनमध्ये दिसलेली गाठ निरुपद्रवी असू शकते. म्हणून शस्त्रक्रियेआधी दोन्ही ग्रंथींच्या नीलांमधले रक्त वेगवेगळे घेऊन दोष कोणत्या बाजूला आहे ते पाहतात. दोष एकाच ग्रंथीत असेल तर ती दुर्बिणीतून काढतात, दोन्हींत असेल तर ग्राही अडवणारे औषध देतात. त्यांतले सर्वांत जुने आणि स्वस्त म्हणजे स्पायरोनोलॅक्टोन. तीव्र हृदयनिकामीच्या रुग्णांना ते दिल्यावर मृत्यू ३० टक्क्यांनी घटल्याचे १९९९ च्या चाचणीत दिसले. ते लैंगिक संप्रेरकांच्या ग्राहींनाही अडवते, त्यामुळे काही पुरुषांचे स्तन दुखतात किंवा वाढतात. याच गटातल्या एप्लेरेनोन आणि फिनेरेनोन या औषधांत हा त्रास कमी आहे. या सर्व औषधांनी पोटॅशियम वाढू शकते. विशेषतः मूत्रपिंडे कमजोर असलेल्यांनी ठरावीक काळाने रक्त तपासून घ्यावे, आणि ‘कमी सोडियमचे’ म्हणून विकले जाणारे, पोटॅशियम क्लोराइड मिसळलेले मीठ डॉक्टरांना विचारल्याशिवाय वापरू नये.