फाउंड फुटेज चित्रपट

दुसऱ्याने, वेगळ्याच कारणासाठी केलेले चित्रीकरण घेऊन त्याची नव्याने जुळणी केलेला प्रायोगिक चित्रपट. स्मृती आणि तंत्र यांचा संबंध हा या प्रकाराचा गाभा.

आरंभाविषयी मतभेद आहेत. सोव्हिएत चित्रपट संपादक एस्फिर शुब यांनी 1927 मध्ये झारकालीन वृत्तपट व दरबारी चित्रफिती जोडून इतिहासपट केला. काही अभ्यासक उगम तेथे मानतात. इतर जण अमेरिकन कलावंत जोसेफ कॉर्नेल यांच्या 1936 च्या प्रयोगाला पहिला मान देतात. कॉर्नेल यांनी 1931 च्या एका हॉलिवूड बोलपटातून मुख्यतः नायिकेची दृश्ये कापून घेतली, संवाद काढून टाकले आणि मूकपटाच्या संथ गतीने, निळ्या काचेतून ती पडद्यावर दाखवली. शुब यांची जुळणी घटनाक्रम सांगते, तर कॉर्नेल यांची आठवणीसारखी तुटक, परतपरत मागे वळणारी आहे. त्यामुळे प्रस्तुत अर्थाने दुसरे मत अधिक ग्राह्य वाटते. भारतात 1960 च्या दशकाच्या अखेरीस फिल्म्स डिव्हिजन या सरकारी चित्रपट संस्थेत प्रमोद पती, एस. एन. एस. शास्त्री यांनी केलेले प्रयोग या प्रकाराला जवळचे आहेत.

मराठवाड्यात अशा कामासाठी हाती येण्याजोगी सामग्री म्हणजे लग्नाच्या व्हीएचएस कॅसेट. 30 सप्टेंबर 1993 रोजी पहाटे 3.56 वाजता झालेल्या किल्लारी भूकंपानंतर लातूर व उस्मानाबाद (आता धाराशिव) जिल्ह्यांतील 52 गावे नव्या जागी वसवली गेली. त्याआधीच्या एखाद्या कॅसेटमध्ये वरातीच्या मागे वेस, चावडी, माळवदांची रांग दिसत असेल, तर शूटिंगवाल्याच्या लेखी नगण्य असलेली ती चौकट आज सर्वांत मोलाची ठरते.

पत्र्याच्या पेटीतली कॅसेट उन्हाळ्यात तापते, पावसाळ्यात दमट होते. कॅसेटच्या पारदर्शक खिडकीतून फितीच्या कडेवर पांढरी भुकटी दिसली तर ती बुरशी असू शकते. अशी कॅसेट साफ केल्याशिवाय लावू नये, कारण बुरशी फीत वाचणाऱ्या हेडवर बसते आणि पुढच्या कॅसेटलाही लागते. चांगली कॅसेट एकदा शेवटपर्यंत पुढे व मागे फिरवून घ्यावी, म्हणजे गुंडाळीचा ताण सारखा होतो. व्हीसीआर (कॅसेट चालवणारे यंत्र) इन्व्हर्टरवर चालवावा. मध्येच वीज गेली तर फीत ड्रमभोवती (हेड बसवलेल्या फिरत्या दंडगोलाभोवती) अडकून राहते आणि ओढून काढल्यास चुरगळते. संगणकावरची नक्कल 720×576, सेकंदाला 25 चौकटी, इंटरलेस्ड (चौकटीच्या एकाआड एक रेषा दोन फेऱ्यांत) अशीच घ्यावी. 8 बिट, 4:2:2 (रंगाची माहिती उजेडाच्या माहितीच्या निम्मी) अशा असंपीडित स्वरूपात तासाला सुमारे 75 जीबी जागा लागते.

पडद्यावरचा प्रत्येक ओरखडा काळाचा नसतो, हे दिग्दर्शकाने ओळखले पाहिजे. चौकटीच्या तळाशी सतत थरथरणारी पट्टी ड्रमवरच्या एका हेडकडून दुसऱ्या हेडकडे वाचन जाताना उमटते. नव्या कॅसेटमध्येही ती असते, फक्त जुन्या टीव्हीच्या कडेआड झाकली जात असे. वर सरकणारी खरखरीत आडवी पट्टी बहुधा ट्रॅकिंग (हेड आणि फितीवरच्या नोंदीचा मेळ) चुकल्याची खूण असते व बटणाने सुधारते. माथ्याशी वाकणाऱ्या रेषा ताणातील फरकामुळे येतात. टाइमबेस करेक्टरने (रेषांची वेळ सारखी करणाऱ्या उपकरणाने) त्या बऱ्याच अंशी सरळ होतात. क्षणभर चमकणाऱ्या आखूड पांढऱ्या रेघा मात्र फितीवरचा चुंबकीय थर गळाल्याने पडतात, आणि तेथील चित्र परत मिळत नाही. पहिल्या तीन दोषांना स्मृतीचा ऱ्हास म्हणून दाखवणे ही चूक या प्रकारात वारंवार होते. शंका आल्यास तीच कॅसेट दुसऱ्या व्हीसीआरवर लावावी: त्याच जागी पुन्हा दिसणारा डाग बहुतेक फितीचाच असतो.