नाशिक महानगरपालिका : रचना आणि कारभार

नाशिक शहराचा नागरी कारभार पाहणारी स्थानिक स्वराज्य संस्था. रोजच्या बोलण्यात ‘मनपा’. जुन्या नाशिककरांच्या तोंडी मात्र अजूनही ‘नगरपालिका’च. मुख्यालय शरणपूर रस्त्यावरील राजीव गांधी भवनात आहे. २०११ च्या जनगणनेनुसार शहराची लोकसंख्या १४,८६,०५३ होती.

नाशिकची नगरपालिका १८६४ सालची. ७ नोव्हेंबर १९८२ रोजी ती, नाशिकरोड-देवळाली व सातपूर या दोन नगरपालिका आणि भोवतालची गावे एकत्र करून महानगरपालिका स्थापन झाली. म्हणून आडगाव, मखमलाबाद, म्हसरूळ, पाथर्डी अशी गावठाणे आणि मळे आजही शहराच्या हद्दीत आहेत, आणि मळ्यातल्या घराला घरपट्टी किती हा प्रश्न नाशिकच्या राजकारणात पुनःपुन्हा वर येतो. पहिली दहा वर्षे कारभार प्रशासकांकडेच होता. पहिली निवडणूक १९९२ मध्ये झाली आणि शांतारामबापू वावरे पहिले महापौर झाले.

कारभार चालतो तो १९४९ च्या महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाने. मान, पैसा आणि सही या तीन गोष्टी या कायद्याने मुद्दाम तीन ठिकाणी ठेवल्या आहेत. मान महापौरांचा, तिजोरीची किल्ली स्थायी समितीकडे आणि सही आयुक्तांची. परगावच्या माणसाला महापौर म्हणजे शहराचा मुख्यमंत्री वाटतो, पण तसे नाही. महापौर महासभेचे, म्हणजे सर्व नगरसेवकांच्या सभेचे, अध्यक्षस्थान भूषवतात. पदाची मुदत अडीच वर्षे, आरक्षण सोडतीने ठरते, ‘रामायण’ हे त्यांचे अधिकृत निवासस्थान. कार्यकारी अधिकार मात्र राज्य शासनाने नेमलेल्या आयुक्तांकडे असतात. नोकरवर्ग त्यांच्या हाताखाली, आणि नगररचनेपासून घनकचऱ्यापर्यंत प्रत्येक खात्याची फाइल शेवटी त्यांच्या टेबलावर येते.

एखादा विषय पुढे कसा सरकतो ते पाहिले की ही विभागणी चटकन कळते. गल्लीत नवी ड्रेनेज लाइन हवी. नगरसेवक पत्र देतो, विभागाचा उपअभियंता जागेवर जाऊन प्राकलन, म्हणजे खर्चाचा अंदाज, करतो, लेखा विभाग तरतूद आहे का ते तपासतो. मोठा किंवा धोरणाचा विषय असेल तर प्रशासन महासभेपुढे ‘डॉकेट’, म्हणजे लेखी प्रस्ताव, ठेवते. हा शब्द नाशिकच्या सभागृहात आणि वृत्तपत्रांत इतका रुळला आहे की त्याला कोणी मराठी पर्याय शोधत नाही. सभेत त्यावर चर्चा होते आणि तो मंजूर, नामंजूर, तहकूब किंवा दप्तरी दाखल होतो. बऱ्याचदा खरी गंमत विषयपत्रिकेत नसलेल्या ‘जादा विषयां’त असते, सभा संपता संपता ते घाईने येतात आणि ठरावाची प्रत हाती पडल्यावरच अनेकांना कळतात. नंतर निविदा निघते आणि ठेका मंजुरीसाठी स्थायी समितीकडे जातो.

स्थायी समितीत १६ सदस्य असतात. पक्षांच्या तौलनिक संख्याबळाप्रमाणे ते नेमले जातात आणि दरवर्षी निम्मे निवृत्त होतात. पहिल्या वर्षी कोण जाणार हे चिठ्ठ्या टाकून ठरते. आयुक्तांचे अंदाजपत्रक आधी इथे येते, मग महासभेत. त्यामुळे सभापतिपदासाठी जेवढी धावाधाव होते, तेवढी उपमहापौरपदासाठी कधीच होत नाही.

सभागृह आणि आयुक्त यांचे बिनसले तर काय? आयुक्तांना परत बोलावायला लावण्याची तरतूद कायद्यात आहे. त्यासाठी एकूण सदस्यांपैकी पाच-अष्टमांश मते लागतात. २०१८ मध्ये करयोग्य मूल्याच्या (ज्यावर घरपट्टी आकारतात त्या मूल्याच्या) वाढीवरून सत्ताधारी भाजपने तत्कालीन आयुक्त तुकाराम मुंढे यांच्यावर अविश्वास ठराव आणला. महापालिकेत सत्ता त्याच पक्षाची, राज्यातही त्याचीच. मुख्यमंत्र्यांनी सांगितल्यावर ठराव मागे घेतला गेला आणि नोव्हेंबरमध्ये मुंढे यांची बदली झाली. शासनाच्या हातात आणखी एक हत्यार आहे : कलम ४५१. महासभेचा ठराव कायद्याविरुद्ध किंवा लोकहिताला बाधक वाटला तर शासन तो निलंबित वा विखंडित, म्हणजे रद्द, करू शकते. ‘ठराव विखंडनासाठी पाठवला’ एवढे म्हटले की प्रशासनाचा विरोध आहे हे सभागृहाला समजते.

मार्च २०२२ मध्ये सभागृहाची मुदत संपली आणि आरक्षण व प्रभागरचनेच्या वादात निवडणूक लांबत गेली. जवळजवळ चार वर्षे आयुक्त हेच प्रशासक. प्रस्ताव आयुक्त म्हणून मांडायचा, महासभा आणि स्थायी समिती म्हणून मंजूरही आपणच करायचा. कामे झाली नाहीत असे नाही. पण नळाला पाणी येत नाही म्हणून कोणाच्या दारात जाऊन भांडायचे, हे त्या काळात कळेनासे झाले होते. जानेवारी २०२६ मध्ये मतदान झाले.

सभागृहात १२२ निर्वाचित सदस्य असतात. ३१ प्रभागांपैकी २९ चौसदस्यीय आणि २ त्रिसदस्यीय. चौसदस्यीय प्रभागात मतदाराला अ, ब, क, ड अशा चार जागांसाठी चार मते द्यावी लागतात. निम्म्या जागा महिलांसाठी राखीव असतात. शिवाय काही स्वीकृत, म्हणजे निवडणूक न लढवता नेमलेले, सदस्य. चार नगरसेवकांच्या प्रभागात पथदीप बंद पडला की प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवतो, ही तक्रार घरोघरी ऐकू येते.

कामासाठी शहराचे सहा विभाग आहेत : पूर्व, पश्चिम, पंचवटी, नाशिकरोड, नवीन नाशिक आणि सातपूर. नवीन नाशिकला लोक आजही सिडकोच म्हणतात, कारण ती वसाहत सिडको या राज्य शासनाच्या नगरविकास महामंडळाने उभारली. दाखला, घरपट्टी, पाणीपट्टी यांसाठी सामान्य माणसाला विभागीय कार्यालयच पुरते. राजीव गांधी भवनात जायची वेळ न आलेले नाशिककर पुष्कळ असतील.

उत्पन्नाचा मोठा आधार एके काळी जकात हा होता. नाक्यांवर ट्रकच्या रांगा लागत. २०१३ मध्ये तिच्या जागी स्थानिक संस्था कर आला, २०१५ मध्ये तो बहुतांश व्यापाऱ्यांना माफ झाला, आणि २०१७ मध्ये वस्तू व सेवा कर आल्यापासून महापालिका शासनाच्या भरपाई अनुदानाकडे डोळे लावून असते. स्वतःचे म्हणावे असे मुख्य उत्पन्न उरले ते घरपट्टी, पाणीपट्टी आणि नगररचनेचे शुल्क.

सगळेच मनपाचे, असा समज असतो. पण जिल्हा रुग्णालय राज्य शासनाचे, तर कथड्यातील झाकीर हुसेन आणि नाशिकरोडचे बिटको ही रुग्णालये मनपाची. देवळालीत छावणी परिषद (लष्करी छावणीचा नागरी कारभार पाहणारी संस्था), भगूरला आणि त्र्यंबकेश्वरला वेगळी नगरपरिषद. जुलै २०२१ पासून धावणारी सिटीलिंक बस मनपाने स्थापन केलेल्या परिवहन महामंडळाची. सिंहस्थासाठी आता स्वतंत्र कुंभमेळा प्राधिकरण आहे.

पावसाळ्यात गोदावरीच्या रामकुंडावर हे सारे एका नजरेत दिसते. गंगापूर धरणातून किती पाणी सोडायचे ते जलसंपदा विभाग ठरवतो. नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीला कुठवर पाणी आले ते बघायला गर्दी जमते, तिला पोलिस मागे सारतात. पूर ओसरला की घाटावरचा गाळ, गाऱ्याने माखलेली निर्माल्ये आणि अडकलेल्या फांद्या काढायला फावडी घेऊन उतरतात ते मनपाचे सफाई कामगार.