जारवांना भेटायचा परवाना कुठे मिळतो? बाराटांगचं बुकिंग करण्याआधी वाचा

सुट्ट्या जवळ आल्या की अंदमानचे बेत सुरू होतात आणि त्यासोबत हा प्रश्न हमखास येतो: तिथल्या जंगलात राहणाऱ्या जारवा या आदिवासी जमातीच्या वस्तीवर एका दिवसात जाऊन येता येतं का, गाइड मिळतो का, अर्ज कुठे करायचा? उत्तर आधीच देतो. पर्यटकाला असा परवाना मिळत नाही. त्यासाठी फॉर्म नाही, फी नाही, ओळखीने होणारं कामही हे नाही. कोणी पैसे घेऊन 'करून देतो' म्हणत असेल, तर तो तुमच्या पैशाने तुम्हालाच गुन्ह्यात अडकवतोय.

तरीही लोक अर्ज करतात, तो फेटाळला की चिडतात आणि मग एजंट गाठतात. याला निम्मी जबाबदार सरकारी व्यवस्थाच आहे. बाराटांग बेटाकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या जिरकाटांगच्या नाक्यावर पर्यटकाकडून फॉर्म भरून घेतात, ओळखपत्र तपासतात, पोलिसांच्या सोबतीने जारवा राखीव क्षेत्रातून नेतात. एवढं सगळं झाल्यावर सामान्य माणसाला वाटणारच की आपल्याला जारवांना बघायची परवानगी मिळाली. तशी ती मिळालेली नसते. मिळालेली असते ती फक्त रस्त्यावरून न थांबता पलीकडे जाण्याची मुभा.

पास कोणाला मिळतो

अंदमान आणि निकोबार बेटांवरच्या आदिम जमातींच्या संरक्षणाचा कायदा १९५६ चा आहे. जारवांचं राखीव क्षेत्र १९५७ मध्ये जाहीर झालं, पुढे त्याच्या सीमा बदलत गेल्या आणि २००४ पासून ते १,०२८ चौरस किलोमीटर आहे. या क्षेत्रात शिरायचं तर प्रशासनाचा पास लागतो, आणि तो कामासाठी असतो: आरोग्य कर्मचारी, आदिवासी कल्याण खात्याची माणसं, रीतसर मंजुरी असलेला संशोधक. संशोधकालाही संस्थेचं पत्र, अभ्यासाचा आराखडा आणि तो राखीव क्षेत्राबाहेर राहून का होणार नाही याचं पटेल असं उत्तर द्यावं लागतं. कागद एका टेबलावरून दुसऱ्यावर फिरतात, महिने जातात आणि बहुतेकदा उत्तर नकारार्थीच येतं. संशोधकाच्या बाबतीत ही दिरंगाई मलाही खुपते, पर्यटकाच्या बाबतीत नाही.

अर्ज कुठे मरतो? 'भेटीचा हेतू' या रकान्यात. 'आदिवासी संस्कृती जाणून घेणे', 'माहितीपट', 'मुलांना अनुभव देणे' असं काही लिहिलं की विषय संपला. सर्वांत वाईट वाटतं ते भल्या मनाने लिहिणाऱ्यांचं. जुने कपडे, बिस्किटं, औषधं वाटायची असतात, संस्थेचं लेटरहेड असतं, सोबत देणगीदारांची यादीही असते. कृपा करून यात वेळ घालवू नका. बाहेरच्या माणसाचा साधा सर्दी-खोकलाही या लोकांना महागात पडू शकतो, आणि तुमच्या गाठोड्यासोबत तो पोचतो. जारवा १९९७-९८ च्या सुमारास जंगलातून दिवसाढवळ्या बाहेर येऊ लागले आणि १९९९ मध्येच त्यांच्यात गोवराची साथ आली. शेजारच्या ग्रेट अंदमानी लोकांची कथा आणखी भीषण आहे. एकेकाळी काही हजार असलेली ही माणसं १९६१ च्या जनगणनेत १९ उरली होती. जारवा २०११ मध्ये ३८० होते.

दंडाचंही सांगून ठेवतो. २०१२ मध्ये कायद्यात दुरुस्ती होऊन शिक्षा वाढली. राखीव क्षेत्रात बेकायदा शिरणं, फोटो-व्हिडिओ काढणं, दारू पुरवणं यासाठी दंडासोबत तुरुंगवास आहे. या जमातींच्या नावावर पर्यटक ओढणारी जाहिरात करणं हाही गुन्हा आहे. म्हणजे 'जारवा दर्शन' असं छापणारा एजंट अर्ज न करताच अपात्र ठरतो. त्याच वर्षी जारवा स्त्रियांना नाचायला लावल्याचा व्हिडिओ एका ब्रिटिश वृत्तपत्राने बाहेर काढला आणि जगभर छी-थू झाली. कॅमेरा दिसला की पोलीस आता का खेकसतात, याचं उत्तर त्यात आहे.

मग बाराटांगच्या सहलीला काय लागतं

बाराटांगची चुनखडीची गुहा आणि चिखलाचा ज्वालामुखी ही कायदेशीर, एका दिवसात होणारी सहल आहे. मात्र रस्त्याने गेलात तर अंदमान ट्रंक रोडचा जिरकाटांग ते मिडल स्ट्रेट हा सुमारे ५० किलोमीटरचा तुकडा राखीव क्षेत्रातून जातो. हा तुकडा बंद करा, असं सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच सांगितलं होतं. रस्ता आजही चालू आहे. २०१३ च्या जानेवारी ते मार्च या काळात पर्यटकांना तिथे बंदी होती, मग तीही उठली. बंद करा म्हटलेल्या रस्त्यासाठीचा फॉर्म नीट कसा भरायचा, हे समजावून सांगण्याची पाळी आपल्यावर आली आहे.

फॉर्म साधा आहे: नाव, वय, ओळखपत्र क्रमांक, गाडीचा तपशील. बहुतेक वेळा ड्रायव्हरच मोबाइलच्या उजेडात बॉनेटवर कागद ठेवून तो भरतो, आणि घोळ तिथेच होतो. आपल्याकडे आधारवर 'सुनीता रमेश पाटील' असतं, बुकिंगमध्ये 'सुनीता पाटील' आणि पासपोर्टवर माहेरचं नाव. ड्रायव्हरला ऐकू येईल ते तो लिहितो. म्हणून आदल्या रात्रीच एका कागदावर सगळ्यांची नावं ओळखपत्रावर आहेत तशीच, वय आणि क्रमांकासह लिहून त्याच्या हातात द्या. मूळ ओळखपत्र प्रत्येकाचं लागतं, लहान मुलांचंही. 'आईच्या मांडीवरच तर बसणार आहे' हा युक्तिवाद नाक्यावर करू नका. फोनमधला फोटो चालला तर नशीब समजा, त्याच्या भरवशावर निघू नका. दोन-दोन झेरॉक्स जवळ ठेवा. पोर्ट ब्लेअरचं नाव सप्टेंबर २०२४ पासून श्री विजयपुरम झालं आहे, त्यामुळे एका कागदावर एक आणि दुसऱ्यावर दुसरं नाव दिसलं तर घाबरायचं कारण नाही.

आता वेळ. सर्वांत जास्त माणसं इथे आपटतात. गाड्या एकेकट्या सोडत नाहीत, पोलिसांच्या देखरेखीखाली ताफ्याने सोडतात, आणि असे ताफे दिवसातून मोजकेच असतात. पहिला पहाटे सहाच्या आसपास. ही वेळ नाक्यावरून ताफा सुटण्याची आहे, तुम्ही तिथे पोचण्याची नाही. शहरापासून जिरकाटांगला तास-सव्वा तास लागतो, रांग त्याआधीच लागलेली असते आणि फॉर्मही तिथे पोचल्यावरच जमा होतो. म्हणून ड्रायव्हर रात्री तीन-साडेतीनला उठवतो तेव्हा त्याच्याशी हुज्जत घालू नका. वेळा अधूनमधून बदलतात आणि बदल सगळीकडे वेळेवर कळवला जातोच असं नाही. इंटरनेटवरचे जुने तक्ते पाहून ठरवण्यापेक्षा आदल्या संध्याकाळी हॉटेलात किंवा ड्रायव्हरकडे पक्कं करा, आणि त्याच फोनमध्ये गुहा उद्या उघडी आहे ना हेही विचारा.

परतीचं तर कोणी धरतच नाही. मिडल स्ट्रेटहून शेवटचा ताफा दुपारीच सुटतो, संध्याकाळी नाही. बाराटांगला फेरीने खाडी ओलांडायची, मग खारफुटीतून स्पीडबोट, पुढे गुहेपर्यंत पायी. या सगळ्यात बोटीसाठी आपला नंबर यायला वेळ गेला, की जेवायला बसलेली माणसं ताफा चुकवतात. मग रात्रीचा मुक्काम बाराटांगला आणि दुसऱ्या दिवशीचं विमान गेलेलं. परतीच्या विमानाच्या आदल्या दिवशी ही सहल ठेवू नका. गुहेसाठी वन खात्याची वेगळी परवानगी लागते, ती तिथल्या जेटीवर बोटीच्या तिकिटासोबत होते, त्यात अडचण येत नाही.

ताफ्यातले नियम नाक्यावरच्या फलकावर लिहिलेले असतात, वाचायचे कष्ट फार थोडे घेतात. ताशी ४० किलोमीटरच्या वर वेग नाही, ओव्हरटेक नाही, थांबणं नाही, काचा वर, कॅमेरा बंद, बाहेर काही फेकणं किंवा देणं नाही. मुलाच्या हातातला चिप्सचा पुडा आधीच पिशवीत टाका. रस्त्याकडेला कोणी दिसलं तरी 'जरा हळू घ्या' म्हणू नका. तुम्ही परत घरी जाता, ड्रायव्हरची गाडी आणि पोट दोन्ही तिथेच असतं.

इतर बेटांबद्दलचे गैरसमज

लिटल अंदमान बेटावरच्या हट बेला पर्यटक जातात, म्हणून त्याच बेटावरच्या ओंगी लोकांच्या डुगाँग क्रीकलाही जाता येईल असं नाही. स्ट्रेट आयलंड, जिथे ग्रेट अंदमानी राहतात, तेही बंद. कार निकोबारला आदिवासी पास लागतो आणि तो फिरायला जायचंय म्हणून मिळत नाही.

अमेरिकेतल्या भाच्याने पाठवलेली एक बातमी अजून फिरते: २०१८ मध्ये केंद्राने परदेशी नागरिकांसाठी २९ बेटांवरची प्रतिबंधित क्षेत्र परवान्याची अट काढली, त्यात बाहेरच्यांना जवळ येऊ न देणाऱ्या सेंटिनेली लोकांचं उत्तर सेंटिनेल बेटही होतं. बातमी खरी, तिचा काढलेला अर्थ चुकीचा. ती सवलत ३१ डिसेंबर २०२२ पर्यंतची होती, आणि असतानाही १९५६ चा कायदा जसाच्या तसा लागू होता. एक परवाना लागत नाही म्हणजे दुसरी बंदी उठली असं होत नाही. २०१८ च्याच नोव्हेंबरमध्ये एक अमेरिकन तरुण सेंटिनेलवर उतरला आणि मारला गेला, त्याला नेणारे मच्छीमार तुरुंगात गेले. मार्च २०२५ मध्ये आणखी एका अमेरिकन माणसाला तिथे जाऊन आल्याबद्दल अटक झाली. ओसीआय कार्ड (भारतीय वंशाच्या परदेशी नागरिकांना मिळणारं कार्ड) असलेल्या नातेवाइकांनी तर ते कार्ड म्हणजे भारतीय पासपोर्ट असं धरून चालू नये, प्रतिबंधित क्षेत्रांसाठी त्यांना वेगळी परवानगी लागते.

या बेटांवरच्या माणसांविषयी खरोखर कुतूहल असेल तर शहरात मिडल पॉइंटला मानववंशशास्त्र संग्रहालय आहे, अर्धा दिवस सहज जातो. आणि जारवांच्या जंगलातून जायचंच नसेल तर उत्तरेकडे सरकारी बोटी जातात, तिकिटं फिनिक्स बे जेटीवर मिळतात. बोट रोज असेलच असं नाही आणि हवामान बिघडलं की रद्द होते, त्यामुळे तारीख आधी बोटीची ठरवा, हॉटेलची नंतर.