चिऱ्याचे घर आणि दारिद्र्याची यादी

दारिद्र्याचा अभ्यास टक्केवारीत बोलतो. कोकणातल्या ग्रामसभेत वाद होतो तो गरीब कुटुंबांच्या सरकारी यादीत नाव का नाही यावरून. ही तफावत अर्धशतकभर वाढत गेली आहे.

खोती, म्हणजे गावाचा सारा गोळा करणाऱ्या खोतांची वतनदारी, 1949 च्या कायद्याने गेली. कुळांच्या हाती जमीन आली ती तुकड्यांची, बरीचशी वरकस, म्हणजे उताराची हलकी जमीन. घरटी एखादा पुरुष मुंबईला, हे त्याआधीपासूनचेच. 2011 च्या जनगणनेतही रत्नागिरी जिल्ह्यात हजार पुरुषांमागे 1122 स्त्रिया होत्या.

पुण्यातल्या दोन अर्थशास्त्रज्ञांनी 1971 मध्ये माणशी रोज 2250 उष्मांकांवर दारिद्र्यरेषा आखली. 1979 मध्ये सरकारी गटाने ग्रामीण भागासाठी 2400 आणि शहरांसाठी 2100 उष्मांक धरले. तेव्हापासून घरखर्चाची नमुना पाहणी हा सगळ्या मोजणीचा पाया झाला. 1999-2000 च्या पाहणीत अन्नावरचा खर्च सात दिवसांचा आणि तीस दिवसांचा, असा दोन्ही प्रकारे शेजारीशेजारी विचारला गेला, त्याने सांगितलेला खर्च फुगला आणि दारिद्र्य 1993-94 च्या पाहणीतल्या 36 टक्क्यांवरून एकदम 26 वर आलेले दिसले. पुढे 2015 चे नोबेल मिळालेल्या अर्थतज्ज्ञाने, दोन्ही पाहण्यांत एकाच पद्धतीने विचारलेल्या वस्तूंवरून हिशेब पुन्हा मांडला. घट खरी होती, पण सांगितली गेली तेवढी नव्हती.

कोकणात हा प्रश्न अधिकच बोचतो. गणपतीच्या महिन्यातला खर्च आणि आषाढातला खर्च एका घरचे वाटत नाहीत. पाहणी वर्षभर पसरलेली असते, म्हणून जिल्ह्याची किंवा राज्याची सरासरी सावरते. एका घराचा निकाल मात्र तिच्यावरून लावता येत नाही. शिवाय पाहणीच्या लेखी कुटुंब म्हणजे एका चुलीवर जेवणारे. चाकरमानी मुंबईच्या घरात मोजला जातो, त्याचे पैसे गावाकडच्या खर्चात दिसतात, आणि त्याची नोकरी सुटली तर ते कारण गावच्या आकड्यात कुठेच दिसत नाही.

नावे ठरवण्यासाठी वेगळी वाट काढावी लागली, आणि घोळ झाला तो तिथेच. दारिद्र्यरेषेखालच्या कुटुंबांच्या 2002 च्या गणनेत तेरा निकष होते, प्रत्येकाला शून्य ते चार गुण. जितके गुण कमी तितके घर गरीब. त्यात जमीन होती, घराचा प्रकार होता. वरकसाचा कातळ जमीन म्हणून गुण वाढवणार. सामाईक सातबाऱ्यावर डझनभर नावे असली, तर कुणाच्या वाट्याला काय येते हे त्या कागदावरून कळत नाही. चिऱ्याच्या, म्हणजे जांभ्या दगडाच्या, भिंती आणि मंगलोरी कौले म्हणजे पक्के घर. पण चिरा इथे पायाखालीच निघतो आणि पावसाळा इतका की मातीची भिंत उघडी ठेवणे परवडत नाही. ते घर ऐपतीची खूण ठरवणे ही माझ्या मते उघड चूक होती, आणि ती ठरवणाऱ्यांपैकी कुणी इथला एखादा पावसाळा काढला असता तर झाली नसती.

2011 च्या सामाजिक-आर्थिक गणनेत तीच चूक अधिक कडक झाली. गुण देण्याआधीच काही घरे थेट वगळायची होती: पक्क्या भिंती-छपराच्या तीन किंवा जास्त खोल्या असलेली, नोंदणी लागणारी मासेमारी होडी असलेली. जुन्या घराच्या खोल्या मोजल्या की अनेकदा तीन होतात. तिथे एकटी म्हातारी राहत असली तरी. होडीवर कर्ज किती, हे वगळताना बघायचेच नव्हते.

घरकुल योजनेने 2016 पासून हीच सामाजिक-आर्थिक गणना आधाराला घेतली; राहिलेल्यांसाठी 2018 मध्ये पुरवणी पाहणी सुरू झाली. 3 जून 2020 ला निसर्ग वादळाने श्रीवर्धन, मंडणगड, दापोलीकडची कौले उडवली, तेव्हा हाताशी होत्या त्या याच याद्या.