कोल, दारी

(२७ ऑगस्ट १९२५ – १४ फेब्रुवारी २००६). फ्रेंच विनोदी चित्रपटनट, पियानोवादक आणि संगीतरचनाकार. मूळ नाव आंद्रे दारिको. या आडनावाच्या उच्चाराचेच दोन तुकडे करून आणि त्यांना इंग्रजी वळण देऊन त्यांचे रंगमंचावरील नाव तयार झाले. जन्म पूर्व फ्रान्समधील, खनिज पाण्याच्या झऱ्यांसाठी प्रसिद्ध असलेल्या व्हितेल या गावी झाला. त्यांचे शिक्षण पॅरिसच्या राष्ट्रीय संगीत विद्यालयात झाले, आणि अभिनयाकडे ते वळले ते कॅबेरेत (गाणी व विनोदी प्रयोग होणाऱ्या रात्रीच्या करमणूकगृहात) पियानो वाजवता वाजवता.

फ्रेंच प्रेक्षकांना कोल आठवतात ते मुख्यतः त्यांच्या बोलण्यामुळे. अडखळत सुरू होणारे वाक्य, किंचित बोबडे उच्चार, मध्येच गिळलेला शब्द आणि मूळ मुद्दा हरवून भलतीकडेच निघालेला विचार, अशी ती शैली होती. तिला केवळ तोतरेपणाची नक्कल समजणे अन्यायाचे ठरेल. कुठे थांबायचे, कोणता शब्द दोनदा उच्चारायचा आणि कोणता अर्ध्यावर सोडायचा याची त्यांची जाण वादकाची होती. त्यामुळे त्यांचा विनोद पाहण्याइतकाच, किंबहुना अधिक, ऐकण्याचा आहे. भाषांतरात तो जवळजवळ उरतच नाही, आणि फ्रान्सबाहेर त्यांचे नाव फारसे न पोचण्याचे एक कारण बहुधा हेच असावे.

१९५६ मध्ये अभिनेत्री ब्रिजित बार्दो यांच्या चित्रपटांतील छोट्या भूमिकांतून ते लोकांच्या नजरेत आले. दिग्दर्शक साशा गित्री यांच्या ‘आसासें ए व्होलर’ (१९५७) या चित्रपटातील न्यायालयाच्या प्रसंगात त्यांनी गोंधळलेल्या साक्षीदाराचे काम केले. प्रसंग काही मिनिटांचाच आहे, आणि त्यातील बरेचसे बोलणे त्यांनी आयत्या वेळी रचले असे सांगितले जाते. त्याच वर्षी आलेल्या ‘ल त्रिपोर्तर’ने त्यांना नायक बनवले. आपल्या फुटबॉल संघाचा अंतिम सामना पाहण्यासाठी तीनचाकी मालवाहू सायकल दामटत नीसकडे निघालेला पोऱ्या, ही भूमिका इतकी लोकप्रिय झाली की १९६० मध्ये तिचा पुढचा भागही निघाला. दरम्यान ‘आर्शिमेद ल क्लोशार’ (१९५९) मध्ये ते ख्यातनाम नट जाँ गाबँ यांच्यासमोर उभे राहिले, तर १९६० च्या दशकाच्या आरंभी विनोदी नट फ्रान्सिस ब्लांश यांच्याबरोबर त्यांची विनोदी जोडी दिसली. ‘जालू कॉम अँ तिग्र’ (१९६४) या चित्रपटासाठी ते दिग्दर्शनातही उतरले.

त्यानंतरच्या चित्रपटांची संख्या मोठी आहे, दर्जा मात्र फारच असमान. जुगाराचे व्यसन हे त्याचे कारण कोल यांनी स्वतःच मोकळेपणाने सांगितले होते. कॅसिनोत हरलेले पैसे उभे करण्यासाठी समोर येईल ती भूमिका त्यांनी स्वीकारली. या काळात इटालियन दिग्दर्शक मार्को फेरेरी यांच्या १९७४ मधील चित्रपटासारखे वेगळ्या जातीचे काम अधूनमधून आढळते. संगीतरचना आणि पियानोवादन चालू असले तरी नटाच्या प्रसिद्धीने संगीतकाराला कायम झाकून टाकले.

प्रतिष्ठा परत आली ती उतारवयात, आणि आधी रंगभूमीवर. नाटककार जॉर्ज फेदो यांच्या ‘ऑन प्यूर्ज बेबे’ या एकांकी फार्समधील कामासाठी १९९५ मध्ये त्यांना साहाय्यक नटाचे मोल्येर हे फ्रेंच रंगभूमीचे पारितोषिक मिळाले. २००१ मध्ये त्यांना सन्मानाचा सेझार हा फ्रेंच चित्रपटसृष्टीचा पुरस्कार देण्यात आला. खरे शिखर मात्र दिग्दर्शक आलँ रेने यांच्या ‘पा स्यूर ला बूश’ (२००३) मध्ये दिसते. मोरीस इव्हँ यांनी संगीत दिलेल्या ज्या ऑपेरेटावर (हलक्याफुलक्या संगीतिकेवर) हा चित्रपट आधारलेला आहे, तो पहिल्यांदा रंगमंचावर आला १९२५ मध्ये, म्हणजे कोल यांच्या जन्मवर्षीच. त्यात त्यांनी इमारतीची राखण करणाऱ्या मादाम फ्वँ या वृद्धेचे काम केले. ही स्त्रीभूमिका थट्टेच्या पातळीवर न आणता त्यांनी शांतपणे वठवली, आणि गाण्याची संधीही त्यांना अखेर एका दर्जेदार चित्रपटात मिळाली. या भूमिकेसाठी २००४ मध्ये त्यांना सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्याचा सेझार मिळाला. दोनच वर्षांनी पॅरिसलगतच्या न्यूयी-स्यूर-सेन येथे त्यांचे निधन झाले.