समाजमाध्यमे आणि मराठी मनोरंजनसृष्टी

फेसबुक, यूट्यूब, इन्स्टाग्राम, व्हॉट्सअ‍ॅप या माध्यमांमुळे मराठी नाटक, चित्रपट, मालिका आणि संगीत या क्षेत्रांतील कलावंत, चाहते आणि व्यवसाय यांच्या परस्परसंबंधांत झालेला बदल. साधारण 2010 नंतर तो जाणवू लागला. 2016 नंतर मोबाइल डेटा स्वस्त झाला आणि हा बदल गावोगाव पोहोचला. पूर्वी कलावंत आणि प्रेक्षक यांच्यामध्ये निर्माता, वर्तमानपत्र, वाहिनी, निदान नाट्यगृहाचा दारवान तरी असे. आता हा मधला माणूस बाजूला झाला. त्याचा लाभ सगळ्यांनी घेतला, भुर्दंड मात्र बहुतेक वेळा कलावंताला पडला.

चाहत्यांचे वेड मराठीला नवे नाही. बालगंधर्वांच्या साड्या आणि दागिने पाहून त्या काळच्या स्त्रिया तशी वेशभूषा करीत. प्रयोग संपल्यावर रंगपटात जाऊन नटाला भेटण्याची रीत दादरच्या शिवाजी मंदिरात किंवा पुण्याच्या बालगंधर्व रंगमंदिरात आजही आहे. मात्र पूर्वी तिथे सहीची वही पुढे यायची, आता फोन येतो. नटाचा मेकअप अर्धा उतरलेला, कानामागचा रंग तसाच, आणि दारात सेल्फीची रांग. तो घरी पोहोचायच्या आत फोटो नाटकाच्या नावासकट फेसबुकवर चढलेला असतो. निर्मात्याची जाहिरात फुकटात होते.

याच फोनचा त्रासही रंगमंचाने सोसला आहे. चालू प्रयोगात वाजणाऱ्या मोबाइलना कंटाळून सुबोध भावे यांनी 2019 मध्ये नाटकात काम करणेच थांबवण्याचा इशारा दिला होता. तोही फेसबुकवरूनच!

चित्रपटाच्या प्रसिद्धीत प्रेक्षक स्वतःच कसा उतरतो, याचे ठळक उदाहरण म्हणजे 30 जून 2023 रोजी प्रदर्शित झालेला, केदार शिंदे दिग्दर्शित ‘बाईपण भारी देवा’. सहा बहिणींच्या मंगळागौरीच्या या चित्रपटाला बायका घोळक्याने गेल्या. भिशीचा गट, सोसायटीतल्या मैत्रिणी, सासू-सुना. कुणी नऊवारीत, कुणी काठपदराच्या साडीत, डोळ्यांवर गॉगल. चित्रपटगृहाच्या लॉबीतच फेर धरायचा, त्याचे रील करायचे आणि ते व्हॉट्सअ‍ॅपच्या दहा गटांत टाकायचे. त्या गटांतल्या बायका पुढच्या रविवारी निघायच्या. एवढी गर्दी निव्वळ पोस्टर लावून जमली नसती.

संगीतात हे त्याहून उघड दिसते. जळगाव जिल्ह्यातून आलेल्या संजू राठोड याचे ‘गुलाबी साडी’ हे गाणे 2024 मध्ये गाजले. त्यामागे चित्रपट नव्हता, मोठा नायकही नव्हता. गाण्यातली नायिका नटून-थटून ‘माझा फोटो काढ’ असा हट्ट धरते. म्हणजे गाण्याचा विषयच कॅमेऱ्यासमोर उभे राहण्याचा. हे गाणे रीलसाठी इतके सोयीचे का ठरले, याचे उत्तर बहुधा इथेच आहे. लग्नाच्या हळदीपासून शाळेच्या स्नेहसंमेलनापर्यंत ते वाजले आणि मराठी न कळणाऱ्यांनीही त्यावर ठेका धरला. आता गाणे रचतानाच पंधरा-वीस सेकंदांचा एक तुकडा आणि कुणालाही जमेल अशी हूक स्टेप, म्हणजे गाण्याची ओळख ठरणारी नाचाची लकब, डोक्यात ठेवली जाते. अंतऱ्याची कदर करणारा श्रोता यावर नाराज असतो, आणि ती नाराजी अनाठायी नाही.

वाहिनीशिवाय प्रेक्षक मिळू शकतो हे 2016 मध्ये सुरू झालेल्या ‘भाडिपा’ने (भारतीय डिजिटल पार्टी) यूट्यूबवर दाखवले. टिकटॉकने खेड्यापाड्यांतली मुले-मुली रातोरात ओळखीची केली. 29 जून 2020 रोजी केंद्र सरकारने त्यावर बंदी घातली तेव्हा ती ओळख एका दिवसात गेली. त्यांतले बरेच जण रील्सकडे वळले. भूमिकेसाठी निवड करताना ‘फॉलोअर्स किती?’ हा प्रश्न विचारला जातो, ही रंगभूमीवरून आलेल्या नटांची जुनी तक्रार आहे. पैसे घेऊन केलेली जाहिरात तशी जाहीर करण्याचे केंद्राचे नियम जानेवारी 2023 मध्ये आले. दिशाभूल केल्यास 10 लाखांपर्यंत, पुन्हा केल्यास 50 लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो.

या जवळिकीची काळी बाजू म्हणजे ट्रोलिंग. ‘फर्जंद’, ‘पावनखिंड’ आदी चित्रपटांत छत्रपती शिवाजी महाराजांची भूमिका करणारे चिन्मय मांडलेकर यांना आणि त्यांच्या कुटुंबाला मुलाच्या ‘जहांगीर’ या नावावरून इतके छळले गेले, की एप्रिल 2024 मध्ये त्यांनी ही भूमिका यापुढे करणार नसल्याचे व्हिडिओतून सांगितले. नाव बारशातले, वाद वर्षांनंतरचा. नट आणि भूमिका एकच मानण्याची सवय आपल्या प्रेक्षकाला पूर्वीपासून होती. खलनायकी करणाऱ्या नटीला बाजारात चार शब्द ऐकावे लागत. पण तो बाजार तासाभराने मागे पडायचा, फोन उशाशी असतो. जानेवारी 2022 मध्ये किरण माने ‘मुलगी झाली हो’ या मालिकेतून बाहेर पडले तेव्हा आपल्या राजकीय पोस्ट हे कारण असल्याचे त्यांनी सांगितले, तर मालिकेच्या निर्मात्यांच्या बाजूने सहकलाकारांशी असलेल्या वर्तणुकीकडे बोट दाखवले. कमेंट्समधला असा कलगीतुरा वृत्तसंकेतस्थळांच्या पथ्यावर पडतो. ‘नेटकऱ्यांनी सुनावले’ या मथळ्याखाली पुष्कळदा जेमतेम तीन-चार प्रतिक्रिया असतात.

चेहरा आणि आवाज यांची कृत्रिम बुद्धिमत्तेने होणारी नक्कल हा यातला अलीकडचा प्रश्न. जानेवारी 2024 मध्ये सचिन तेंडुलकर एका गेमिंग अ‍ॅपची भलामण करीत असल्याचा बनावट व्हिडिओ फिरला. अशा प्रकारांविरुद्ध कलावंत ‘व्यक्तिमत्त्व हक्का’साठी, म्हणजे आपली ओळख दुसऱ्याने परवानगीशिवाय वापरू नये यासाठी, न्यायालयात जाऊ लागले. दिल्ली उच्च न्यायालयाने सप्टेंबर 2023 मध्ये अनिल कपूर यांच्या नाव, छबी आणि आवाजाबरोबर त्यांच्या ‘झकास’लाही संरक्षण दिले, मे 2024 मध्ये जॅकी श्रॉफ यांचा ‘भिडू’ त्यात आला. दोन्ही शब्द मुंबईच्या गल्लीत त्या दोघांच्या कितीतरी आधीपासून नांदत होते, त्यामुळे ही मनाई परवानगीशिवाय होणाऱ्या व्यापारी वापरापुरतीच समजायची. चहाच्या टपरीवर कुणी कुणाला भिडू म्हणायला हरकत नाही. आवाजाच्या नकलेबाबत मुंबई उच्च न्यायालयाने जुलै 2024 मध्ये अरिजित सिंग यांना आणि 2025 मध्ये आशा भोसले यांना अंतरिम दिलासा दिला.